जैसे थे ठेवलेली खुर्ची

मित्रांनो, आत या, पण जरा जपून. दाराशी मोडक्या कपाटाचं फळकूट आडवं पडलंय. येणाऱ्याच्या पायाला ते हमखास लागतं, आणि मग तो आम्हा सगळ्यांच्या नावाने बोटं मोडतो. मी इथे, या कोपऱ्यात. मी एक जुनी खुर्ची आहे. नुसती खुर्ची म्हणू नका हं, हातांची खुर्ची म्हणा. सरकारी कचेरीत या दोन हातांना फार मान असतो, आणि माझी सगळी गोष्ट त्यांच्यापायीच घडली.

मला सरकारी कारखान्यातल्या एका सुताराने घडवलं. माणूस महातापट, पण कामात चोख. रंधा मारताना तो कुणाशी बोलायचा नाही, आणि कुणी बोललंच तर वसकन अंगावर यायचा. माझी बैठक आणि पाठ वेताची. ती विणणारा दुसरा होता, तो मात्र दिवसभर गुणगुणत असायचा. माझ्याबरोबर पुष्कळ खुर्च्या तयार होत होत्या, पण त्यांना हात नव्हते. मला वाटलं, विसरला वाटतं हा. पण तो विणणाऱ्याला सांगत होता की कारकुनाला बिनहातांची खुर्ची, अधीक्षकाला हातांची आणि साहेबाला गादीची, असा नियमच आहे. तुम्हाला हसू येईल, पण त्या दिवशी मी मनातल्या मनात जरा ताठ झाले.

कचेरीतला आमचा हॉल लांबट होता. दोन्ही बाजूंना कारकुनांची टेबलं आणि शेवटी, खिडकीजवळ, माझी जागा. तिथून प्रत्येकाचं टेबल दिसायचं. कोण काम करतंय, कोण नखं कुरतडतंय, कोण फायलीआड डुलकी काढतंय, मला सगळं कळायचं. माझ्यावर बसणारे पहिले अधीक्षक अंगाने भरलेले आणि स्वभावाने मऊ होते. विचार करताना ते माझ्या उजव्या हातावरून अंगठा फिरवत बसायचे. तिथलं पॉलिश त्यांनी पार घालवलं, पण मला त्याचं काही वाटलं नाही. काही अडलं की हॉलमधला प्रत्येक जण म्हणायचा, "अधीक्षकांना विचारा." आणि विचारायला येणारा माझ्याच पाठीवर हात ठेवून उभा राहायचा. मला ते फार आवडायचं, हे कबूल करायला लाज कसली?

माझ्या अगदी समोरच्या दोन टेबलांवर दोन बायका बसायच्या. एकीला सगळे थोरल्या बाई म्हणायचे, दुसरीला धाकट्या बाई. गंमत अशी, की थोरल्या बाई वयाने लहान होत्या आणि धाकट्या बाई मोठ्या. हे काय भलतंच, असं तुम्ही म्हणाल. पण सरकारी नोकरीत माणसाचं वय जन्मापासून धरत नाहीत, तो नोकरीवर रुजू झाल्यापासून धरतात. थोरल्या बाई आधी रुजू झाल्या, म्हणून त्या थोरल्या. मात्र निवृत्त व्हायची वेळ आली की खरं वय मोजतात. म्हणजे धाकट्या बाई आधी घरी जाणार, हे ठरलेलंच होतं. तेव्हा या गोष्टीकडे कुणाचं लक्ष नव्हतं, आणि असण्याचं कारणही नव्हतं.

काय सांगू तुम्हाला त्या दोघींचं! एकीने डबा उघडला की दुसरी न विचारता त्यात हात घालायची. एकीची सासू खाष्ट, दुसरीचा नवरा सदा परगावी, आणि दोन्ही घरांची गाऱ्हाणी माझ्यासमोर निघायची. एकीने सुरुवात करायची, दुसरीने शेवट करायचा. आमच्या हॉलमध्ये आवक-जावक बघणारा एक कारकून होता. कुठलीही बातमी त्याच्याकडून आधी कळायची, म्हणून त्याला आकाशवाणी म्हणायचे. तो म्हणायचा, या दोघींची एकच हजेरी लावली तरी चालेल.

आता परीक्षेचं ऐका, कारण पुढचं सगळं रामायण तिथूनच झालं. अधीक्षक व्हायचं तर खात्याची एक परीक्षा ठराविक मुदतीत पास व्हावी लागते. मुदतीत पास झाला नाहीत, तर तुमचा क्रमांक खाली घसरतो आणि मागून आलेला पुढे जातो. ही मुदतही खऱ्या वयावर धरतात, म्हणून त्या वर्षी धाकट्या बाईंची शेवटची संधी होती. परीक्षा तोंडावर आली आणि त्यांचा लहान मुलगा तापाने फणफणला. दवाखान्यात ठेवावं लागलं. नवरा नेहमीप्रमाणे परगावी. धाकट्या बाई टेबलावर डोकं टेकून रडत होत्या. थोरल्या बाई म्हणाल्या, "तू जा परीक्षेला. मी बसते त्याच्यापाशी. माझी अजून एक संधी शिल्लक आहे."

त्या बसल्या. धाकट्या बाईंनी परीक्षा दिली आणि पास झाल्या. मुलगाही बरा झाला. दोघींनी मिळून हॉलभर पेढे वाटले. पुढच्या वर्षी थोरल्या बाई परीक्षेची वाट बघत राहिल्या, पण त्या वर्षी खात्याने परीक्षा घेतलीच नाही. का घेतली नाही, कुणास ठाऊक. सरकारी काम आणि सहा महिने थांब, म्हणतात ना? इथे तर वर्ष गेलं. मग परीक्षा झाली तेव्हा थोरल्या बाई चांगल्या गुणांनी पास झाल्या, पण तोवर त्यांची मुदत उलटून गेली होती. त्यावर कुणी अवाक्षर काढलं नाही, आणि सगळं पहिल्यासारखं चालू राहिलं.

वर्षं गेली. आमचे मऊ स्वभावाचे अधीक्षक निवृत्त झाले. जाताना त्यांनी माझे दोन्ही हात थोपटले. मी रिकामी झाले, आणि आता माझ्यावर कोण बसणार, याची कुजबुज सुरू झाली. कचेरीने जी यादी केली तिच्यात थोरल्या बाईंचं नाव वर होतं. परीक्षाच झाली नाही यात त्यांचा काय दोष, असं कचेरीचं म्हणणं. त्यांच्या बढतीचा आदेश निघाला. थोरल्या बाईंनी धाकट्या बाईंकडे बघून हसून मान हलवली, पण धाकट्या बाई हसल्या नाहीत.

मला धाकट्या बाईंचाही राग येत नाही. त्यांची बाजू ऐका. त्यांच्या निवृत्तीला थोडीच वर्षं राहिली होती. थोरल्या बाई एकदा माझ्यावर बसल्या की धाकट्या बाई घरी गेल्यानंतरच उठणार. म्हणजे आता नाही तर कधीच नाही. आणि नियमाच्या पुस्तकात स्पष्ट लिहिलेलं होतं की मुदतीत पास होणारा वर. जन्मभर बिनहातांच्या खुर्चीवर बसून शेवटी तशाच खुर्चीवरून उठायचं, हे त्यांच्या जिवाला लागलं. घरच्यांनीही भरीला घातलं. शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये म्हणतात, पण थोरल्या बाई माझ्यावर बसायच्या आतच त्या चढल्या.

कोर्टातल्या अर्जाची प्रत कचेरीत आली ती आकाशवाणीच्या हातात. त्याला कुठलं दम धरवतंय? त्याने उभ्या उभ्या वाचायला सुरुवात केली. वाचता वाचता एक वाक्य आलं, की थोरल्या बाई त्या वर्षी परीक्षेला कोणत्याही सबळ कारणाशिवाय गैरहजर राहिल्या. आकाशवाणीचा आवाज तिथे एकदम पडला. धाकट्या बाई टेबलाकडे बघत होत्या.

थोरल्या बाईंनी हातातलं पेन खाली ठेवलं आणि विचारलं, "मुलगा बरा आहे ना आता?"

तो मुलगा तोवर शिकून नोकरीला लागला होता. त्या दिवसापासून दोघींचं 'अगं'चं 'अहो' झालं. नंतर तेही बंद झालं.

पहिल्याच तारखेला कोर्टाने सांगितलं, निकाल लागेपर्यंत परिस्थिती जैसे थे ठेवा. म्हणजे ते पद कुणालाही देऊ नका, एवढाच त्याचा अर्थ. पण आमचे साहेब! दुधाने तोंड पोळलं की माणूस ताकही फुंकून पितो, आमचे साहेब पाणीसुद्धा फुंकून प्यायचे. आधीच्या कचेरीत कसल्याशा आदेशाचा भंग झाला म्हणून त्यांना बोलणी खावी लागली होती. त्यांनी फर्मान काढलं, की पद जैसे थे म्हणजे खुर्चीही जैसे थे. तिच्यावर कुणी बसायचं नाही, तिला कुणी हलवायचं नाही. शिपाईमामांनी फायलीची लाल फीत आणली आणि माझ्या एका हातापासून दुसऱ्या हातापर्यंत बांधून करकचून गाठ मारली.

मित्रांनो, खुर्चीवर कुणी बसलं नाही तर तिला आरामच, असं तुम्हाला वाटेल. तसं नसतं. भरल्या हॉलमध्ये, माणसांच्या गजबजाटात, मी एकटी पडले. सुरुवातीला नवीन आलेलं कुणी चुकून टेकायला यायचं, की चारी बाजूंनी ओरडा व्हायचा. तो बिचारा चटका बसल्यासारखा मागे सरायचा. मग येणंच थांबलं. माझ्या पाठीवर हात ठेवून उभं राहणंही थांबलं. हॉलला रंग दिला, तेव्हा रंगाऱ्याने मला हलवू का विचारलं. साहेब नको म्हणाले. त्याने माझ्याभोवतीने रंग मारला, आणि माझ्या पाठीमागे भिंतीवर जुन्या रंगाचा एक तुकडा राहिला.

बादलीची गोष्ट सांगते, म्हणजे तुम्हाला कल्पना येईल. छतावरची पाण्याची टाकी गळायला लागली आणि थेंब नेमके माझ्या बैठकीवर पडू लागले. शिपाईमामा बादली घेऊन धावले. साहेबांनी त्यांना अडवलं. खुर्चीवर बादली ठेवली तर आदेशाचा भंग होतो की काय? कायदा बघणाऱ्या विभागाला पत्र गेलं. मी भिजत राहिले. पुढे टाकी दुरुस्त झाली, मी वाळून खडखडीत झाले, आणि मग उत्तर आलं की बादली ठेवण्यास हरकत नाही. वरून आलेलं उत्तर ते! म्हणून शिपाईमामांनी कोरडी बादली आणून दिवसभर माझ्यावर ठेवली. त्या सगळ्या वर्षांत माझ्यावर बसलेलं तेवढंच कुणीतरी.

हसलात ना? मीही हसले असते. पण समोर त्या दोघी होत्या. धाकट्या बाईंनी आपलं टेबल फिरवून घेतलं होतं, मग थोरल्या बाईंनीही. आता दोघींची एकमेकींकडे पाठ असायची आणि दोघींची एक बाजू माझ्याकडे. एक भिंतीकडे तोंड करून डबा खायची, दुसरी दाराकडे. एकीने मोठ्या आवाजात काही सांगायला सुरुवात केली तर ते मध्येच लटकून राहायचं. शेवट करणारं कुणी नव्हतं. तारीख असली की दोघी एकाच सकाळी निघायच्या, वेगवेगळ्या बसने. फायली घेऊन शिपाईमामा सोबत जायचे. ते सांगायचे, की कोर्टाबाहेर बाक एकच आहे. त्याच्या एका टोकाला ही, दुसऱ्या टोकाला ती, आणि मध्ये फायली. दिवसभर बसायचं आणि पुढची तारीख घेऊन यायचं. दोघांच्या भांडणात तिसऱ्याचा लाभ होतो म्हणतात. इथे तिसरी मी होते. मला काय मिळालं, ते तुम्ही बघताच आहात.

कधीकधी वाटायचं, मला वाचा असती तर सांगितलं असतं, बायांनो, माझ्यात काय एवढं आहे? चार पाय, दोन हात आणि थोडा वेत. पण ते खरंही नव्हतं. त्या माझ्यासाठी भांडतच नव्हत्या. एवढी वर्षं इमानाने केलेल्या कामाला कुणीतरी एकदा हो म्हणावं, एवढंच दोघींना हवं होतं.

अखेर धाकट्या बाईंच्या नोकरीचा शेवटचा दिवस उजाडला. निकाल अजून लागला नव्हता. हॉलमध्ये निरोपाची तयारी होती, पण कुणाचा जीव त्यात नव्हता. दुपारचा चहा झाल्यावर फोन वाजला. आकाशवाणीने घेतला. धाकट्या बाईंच्या वकिलाचा होता. निकाल लागला होता आणि धाकट्या बाई जिंकल्या होत्या. आकाशवाणी पहिल्यांदाच हळू आवाजात बोलला. धाकट्या बाई उठून उभ्या राहिल्या आणि साहेबांकडे बघत राहिल्या.

साहेबांनी अभिनंदन केलं. मग घसा खाकरून म्हणाले, की निकालाची प्रत हातात आल्याशिवाय त्यांना काहीच करता येणार नाही. प्रत यायला काही आठवडे लागतात, हे सगळ्यांना माहीत होतं. आणि कचेरी सुटली की धाकट्या बाईंची नोकरी संपणार होती. शिपाईमामा पुटपुटले, "चणे आहेत तर दात नाहीत." धाकट्या बाईंनी बरं साहेब म्हटलं आणि त्या ड्रॉवर रिकामा करायला लागल्या. एक कंगवा, चष्म्याचं जुनं घर, पाण्याचा पेला. मला वाटलं, आता संपलं. ही बाई आता अशीच जाणार.

तेवढ्यात थोरल्या बाई उठल्या. सरळ माझ्याकडे आल्या, वाकल्या आणि फितीची गाठ सोडायला लागल्या. गाठ इतक्या वर्षांची, सुटते कुठली. त्यांनी टेबलावरची टाचणी घेतली आणि ती उकलायला सुरुवात केली.

साहेब घाबरले. "अहो बाई, हे काय करताय? कोर्टाचा अवमान होईल."

"तक्रार कोण करणार, साहेब? मीच ना?" थोरल्या बाई मान वर न करता म्हणाल्या. "मी नाही करत."

असा विचार साहेबांनी कधी केलाच नव्हता. गाठ सुटली. थोरल्या बाईंनी पदराने माझी बैठक पुसली, मग मागे वळून म्हणाल्या, "ये गं. बस."

धाकट्या बाई जागच्या हलल्या नाहीत. तिथूनच म्हणाल्या, "ती ओळ वकिलाने लिहिली होती. पण मी वाचून सही केली."

"माहीत आहे मला. बस आता, कचेरी सुटेल."

धाकट्या बाई आल्या. त्यांनी माझ्या दोन्ही हातांवर हात ठेवले. केवढे गार हात होते ते! हॉलमधले सगळे उभे राहिले होते. आणि त्या बसल्या. मित्रांनो, मी जीव एकवटून त्यांना धरायचा प्रयत्न केला. पण वेत वापरात असला की चिवट राहतो. माझा वेत भिजून, वाळून, नुसता पडून पडून कुसकुशीत झाला होता. चर्र असा आवाज झाला, बैठक आरपार फाटली आणि धाकट्या बाई माझ्यात गुडघ्यांपर्यंत अडकून बसल्या.

मग आतूनच त्यांना हसू फुटलं. थोरल्या बाईंनी त्यांचे हात धरून ओढायला सुरुवात केली, आणि ओढता ओढता त्याही हसायला लागल्या. हॉल हसायला लागला, साहेबसुद्धा हसले. त्या बाहेर निघाल्या तेव्हा दोघी रडत होत्या आणि त्यांनी एकमेकींचे हात सोडले नव्हते. मला मात्र हसू आलं नाही. इतकी वर्षं मी फक्त त्या एका माणसासाठी तिथे उभी होते, आणि मला तिचा भार पेलला नाही.

पुढे निकालाची प्रत आली. तिच्यात लिहिलं होतं, की जागा रिकामी झाली त्या दिवसापासून निवृत्तीपर्यंत धाकट्या बाई अधीक्षक होत्या असं मानण्यात यावं. कायद्यात असं मानता येतं. धाकट्या बाईंना ते पद कागदावर मिळालं आणि त्यांच्यानंतर थोरल्या बाई अधीक्षक झाल्या. बसल्या बसल्या त्यांनी पहिलं काम केलं ते माझी बैठक पुन्हा विणून मिळावी म्हणून लिहिण्याचं. वरून उत्तर आलं, की निकालानुसार या खुर्चीवर इतकी वर्षं अधीक्षक बसलेल्या असल्याने ती वापरून झिजली आहे असं मानून निकामी ठरवावी. तिथे चाकांची नवी खुर्ची आली, आणि मला शिपाईमामांनी उचलून या अडगळीच्या खोलीत आणून ठेवलं.

ते अजून कधी झाडू ठेवायला येतात, तेव्हा बाहेरचं कळतं. दोघी बायका भेटतात म्हणे मधूनमधून. पण फार जपून बोलतात. एक जण बोलत असताना दुसरी मध्ये तोंड घालत नाही. मला वाटतं, मधली वर्षं काही कुणी भरून देऊ शकलं नाही. त्यासाठी कुठल्या कोर्टात जायचं?

मित्रांनो, तुमच्यातलं कुणी उद्या साहेब होईल, कुणी वकील, कुणी न्यायाधीश. माझं एक ऐका. कुणाची पाळी आली असेल तर त्याला ताटकळत ठेवू नका. हो म्हणायचं असेल तर हो म्हणा, नाही म्हणायचं असेल तर नाही म्हणा, पण ते माणूस समोर उभं आहे तोवर म्हणा. आणि घरातली, वर्गातली एखादी खुर्ची नुसती पडून असेल तर तिच्यावर बसत जा. निकालाच्या कागदावर लिहिलंय, की धाकट्या बाई इतकी वर्षं माझ्यावर बसल्या होत्या. खाली शिक्का आहे, सही आहे. पण माझ्यावर कुणीच बसलं नव्हतं. मला नक्की माहीत आहे. मी तिथेच होते.